'गारदी', 'तेलंगा' आणि 'कंपू' : एका रूढ मताचे परीक्षण

गनिमी कावा सोडून युरोपीय धर्तीचे कवायती पायदळ स्वीकारले, तेथेच मराठ्यांचा घात झाला, हे मत वारंवार मांडले जाते. ते पुराव्यास उतरत नाही. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर इब्राहिमखानाच्या गारद्यांनी रोहिल्यांची फळी मोडली. १ नोव्हेंबर १८०३ रोजी लासवारीस शिंद्यांच्या पलटणी, युरोपीय अधिकारी निघून गेल्यावरही, निकराने लढल्या. दोष कवायतीत नव्हता.

तो कोठे होता, याचा माग शब्दांच्या अर्थांतरात लागतो. शब्दाचे परकेपण हे येथे गमक नव्हे. शिवकालीन पायदळातील 'हवालदार', 'जुमलेदार' हेही अरबी-फारसी वळणाचेच, तरी ते स्वराज्यातील पदांचे वाचक झाले. उलट, 'तेलंगा' हा प्रांतवाचक शब्द उत्तरेत युरोपीय पद्धतीचा पोशाख ल्यालेल्या शिपायाचा वाचक बनला. 'गारदी' या शब्दावर १७७३ मधील नारायणरावाच्या वधानंतर मारेकऱ्याची छाया पडली. महादजी शिंद्यांच्या पदरी डी बॉयनने उभारलेल्या ब्रिगेडचे 'कंपू' हे नाव आज स्वार्थी टोळक्यास लावले जाते.

अर्थांतर हा स्वयंपूर्ण पुरावा नव्हे, हे खरे. तथापि इतिहास त्यास दुजोरा देतो. कंपूच्या खर्चासाठी नेमलेला दुआबातील मुलूख सेनापतीच्याच हाती होता. १८०३ मध्ये पेराँ इंग्रजांच्या आश्रयास गेला, तेव्हा शिपाई उरले, नेतृत्व उरले नाही. म्हणून कवायत का घेतली, हा खरा प्रश्न नव्हे. कवायत घेतली, पण अधिकारी का घडविले नाहीत, हा आहे.