'सहसा' ते 'अविचाराने' : अविवेकदर्शक क्रियाविशेषणाच्या अर्थाची चिकित्सा

प्रास्ताविक

मराठी व्याकरणात क्रियाविशेषणांची स्थलवाचक, कालवाचक, रीतिवाचक, परिमाणवाचक अशी अर्थानुसारी वर्गवारी रुळलेली आहे. दादोबा पांडुरंग यांच्या १८३६ च्या व्याकरणापासून मो. के. दामले यांच्या १९११ च्या 'शास्त्रीय मराठी व्याकरणा'पर्यंत आणि तेथून आजच्या पाठ्यपुस्तकांपर्यंत मराठी व्याकरणविचाराची मोठी परंपरा आहे. तथापि 'अविचाराने', 'मूर्खपणाने', 'अविवेकाने' या शब्दांचा गट या वर्गवारीत नीट बसत नाही. विद्यार्थी त्यांना रीतिवाचक म्हणतो आणि त्याला गुणही मिळतात. परंतु 'त्याने हळू घर विकले' आणि 'त्याने अविचाराने घर विकले' या दोन वाक्यांतील क्रियाविशेषणे एकाच जातीचे काम करीत नाहीत. 'हळू' हा शब्द विक्रीची गती सांगतो. 'अविचाराने' हा शब्द विक्री कशी झाली याविषयी जवळजवळ काहीच सांगत नाही. दस्त, मुद्रांक, नोंदणी सर्व यथासांग झालेले असू शकते. तो सांगतो ते विकणाऱ्याच्या बुद्धीविषयी, आणि तेही बोलणाऱ्याच्या मताने.

प्रस्तुत लेखात या गटातील दोन शब्दांचा विचार केला आहे. पहिला 'सहसा' हा एके काळी अविवेकदर्शक असलेला व आज तो अर्थ हरवून बसलेला. दुसरा 'अविचाराने' हा त्याच्या जागी आलेला. ही जागा दुसऱ्याने पूर्णपणे भरली काय, हा येथील प्रश्न आहे.

'सहसा'चे मूळ

संस्कृतात 'सहस्' या नामाचा अर्थ बल, जोर, जबरदस्ती. वेदात अग्नीला बलाचा पुत्र म्हटले आहे, ते याच शब्दाने. 'सहसा' हे त्याचे तृतीया एकवचन, अर्थ 'बलाने'. पुढे हे रूप क्रियाविशेषण म्हणून स्थिरावले. फर्ग्युसन महाविद्यालयाचे प्राचार्य वामन शिवराम आपटे यांचा संस्कृत-इंग्रजी कोश १८९० साली पुण्यात प्रसिद्ध झाला. त्यात या शब्दाचे तीन अर्थ मिळतात : जोराने, अविचाराने आणि एकाएकी. अर्थांची ही साखळी समजण्यास कठीण नाही. जे बळाच्या आवेगात होते ते मागचापुढचा विचार न करता होते, आणि जे विचाराविना होते ते पाहणाऱ्याला अकस्मात झालेले वाटते. इंग्रजीत अविचारी या अर्थाने वापरला जाणारा 'रॅश' आणि जर्मनमध्ये केवळ शीघ्र या अर्थाचा 'राश' हे दोन शब्द परस्परांचे सगोत्र आहेत. घाई आणि अविवेक यांना एकाच शब्दात बसवण्याची प्रवृत्ती अनेक भाषांत आहे, असे यावरून म्हणता येईल. मराठीत 'उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग' ही म्हण आणि घाटरस्त्यावरील 'अति घाई संकटात नेई' हा फलक हेच समीकरण सांगतात.

भारवीच्या 'किरातार्जुनीय' महाकाव्याच्या दुसऱ्या सर्गात भीम तात्काळ युद्धाचा आग्रह धरतो आणि युधिष्ठिर त्याला आवरतो. त्या उपदेशातील जो श्लोक सुभाषित म्हणून सर्वतोमुखी झाला, त्याचा पहिलाच शब्द 'सहसा' आहे. कोणतेही कर्म आवेगाने करू नये, कारण अविवेक हे मोठ्या आपत्तींचे घर आहे, असा त्याचा आशय. मराठी भाषक विद्यार्थी हा श्लोक वाचताना हमखास अडखळतो. त्याच्या कानाला 'सहसा करू नये' याचा अर्थ 'शक्यतो करू नये' असा लागतो आणि युधिष्ठिराचा उपदेश आळशी माणसाचे तत्त्वज्ञान होऊन बसतो! वर्गात यावर हशा पिकतो. पण हा गैरसमज अडाणीपणाचा नाही. मराठीत या शब्दाचा प्रवास ज्या वळणावरून झाला, त्याच वळणावर विद्यार्थी उभा असतो.

नकाराची वाट

मराठी कोश 'सहसा'चे जुने आणि नवे अर्थ क्रमांक घालून नोंदवतात. एका अर्थातून दुसरा कसा निघाला हे दाखवणे कोशाच्या चौकटीत बसत नाही. ती वाट नकारार्थी वाक्यातून गेली असावी, असे प्रतिपादन येथे करावयाचे आहे. 'सहसा कोणाला जामीन राहू नये' हे वाक्य घ्यावे. त्याचा एक अर्थ 'विचार न करता जामीन राहू नये' असा आणि दुसरा 'सर्वसाधारणपणे जामीन राहू नये' असा होतो. दोन्ही अर्थांनी वागणाऱ्याचे आचरण मात्र सारखेच दिसते. घाईने जामीन न राहणारा मनुष्य बहुतेक वेळा जामीन राहतच नाही. उपदेशाच्या वाक्यात दोन अर्थांमधील भेद व्यवहारात पुसला जातो, आणि पुसलेला भेद पुढच्या पिढीने परत ओढावा असे काही कारण उरत नाही.

मराठीत अशा निषेधवाक्यांची परंपरा मोठी आहे. दासबोधातील दुसऱ्या दशकाचा उत्तमलक्षण समास हा जवळजवळ संपूर्णपणे 'नये' या क्रियापदावर उभा आहे. नीतीचे बोलणे मराठीत 'नये'च्या वळणाने होते आणि 'सहसा'ला सर्वांत सोयीची जागा अशाच वाक्यांत मिळते. येथून पुढची पायरी म्हणजे उपदेशाकडून वर्णनाकडे : 'तो सहसा कोणाला जामीन राहत नाही.' येथे अविचाराचा मागमूसही नाही. वारंवारता तेवढी शिल्लक आहे. जुन्या वळणाच्या लेखनात हा शब्द नकाराच्या सोबतीनेच येतो. नकाराचे बोट सोडून 'तो सहसा नऊ वाजता येतो' असे म्हणणे ही अखेरची पायरी. ती आज वृत्तपत्रांत आणि पाठ्यपुस्तकांत सर्रास दिसते. तिला अशुद्ध ठरवण्यात फारसा अर्थ नाही. शब्द एवढा प्रवास करून आल्यावर त्याला परत पाठवता येत नाही.

हिंदीने मात्र याच शब्दाचा दुसरा अर्थ राखला. हिंदीत 'सहसा' म्हणजे एकाएकी, बंगालीतही तेच. त्यामुळे हिंदी कथेतील 'सहसा वह उठ खड़ा हुआ' या वाक्यातील शब्द मराठी अनुवादात जसाच्या तसा राहिला, तर पात्र अचानक उठण्याऐवजी नेहमी उठणारे ठरते. शब्द ओळखीचा असल्यामुळे अनुवादक कोश उघडत नाही, ही अशा शब्दांची खरी अडचण.

'सहसा'चे सख्खे भावंड 'साहस' याचाही विचार येथे आवश्यक आहे. धर्मशास्त्रात साहस हा गुन्हा आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात, मालकाच्या देखत बळजबरीने केलेले कृत्य ते साहस आणि तसे नसेल तर चोरी, असा भेद केला आहे. त्याच अध्यायात प्रथम, मध्यम व उत्तम साहस या दंडाच्या पायऱ्या अनुक्रमे २५०, ५०० आणि १००० पण अशा सांगितल्या आहेत. आज साहसाबद्दल दंड होत नाही, पुरस्कार मिळतो. गिर्यारोहण, सागरी पोहणे यांना साहसी खेळ म्हणतात. शब्द निंदेकडून स्तुतीकडे गेला आणि जुनी निंदा व्यक्त करण्यासाठी मराठीला 'दुःसाहस' असा उपसर्ग जोडावा लागला. ज्या शब्दात दोष अंगभूत होता, त्याला आता दोष बाहेरून चिकटवावा लागतो.

'अविचाराने'ची घडण

क्रियाविशेषण हरवले तेव्हा मराठीने जुन्याच पद्धतीने नवे घडवले. 'सहसा' ही नामाची तृतीया होती. 'अविचाराने' हीदेखील नामाची तृतीयाच. परंतु संस्कृत रूपाचा नामाशी संबंध तुटला होता, मराठी रूपाचा तो अजून जिवंत आहे. 'त्याच्या अविचाराने घर बुडाले' या वाक्यात 'अविचाराने' हे कारण आहे. 'त्याने अविचाराने घर विकले' यात ते कर्त्याच्या मनःस्थितीचे निदान आहे. पहिल्या वाक्यात त्याला 'त्याच्या' असे षष्ठीचे विशेषण लागते, म्हणजे ते नाम आहे. 'अविचारीपणे' या रूपाला असे विशेषण लागत नाही. 'त्याच्या अविचारीपणे' असे कोणी म्हणत नाही. म्हणजे '-पणे' लागलेले रूप पूर्णपणे क्रियाविशेषण झाले आहे आणि '-ने' लागलेले रूप दोन घरांत राहते.

'मूर्खपणाने'ची अडचण वेगळी आहे. 'त्याने सभेत मूर्खपणाने उत्तर दिले' याचे दोन अर्थ होतात : दिलेले उत्तर मूर्खासारखे होते, किंवा उत्तर देणे हाच मूर्खपणा होता. क्रियाविशेषण वाक्यारंभी नेले की दुसरा अर्थ बळावतो. इंग्रजीतील अशा कर्तृलक्षी क्रियाविशेषणांचा विचार रे जॅकेन्डॉफ यांनी १९७२ च्या आपल्या ग्रंथात केला आहे. मराठीत शब्दक्रम अधिक सैल असल्यामुळे हा भेद पुष्कळदा आघातावर सोडलेला असतो, आणि छापील मजकुरात आघात दिसत नाही. म्हणूनच काळजीपूर्वक लिहिणारा 'उत्तर दिले, हा मूर्खपणाच' असे स्वतंत्र वाक्य करतो.

याहून महत्त्वाची कसोटी पुढीलप्रमाणे आहे. 'त्याने समजूनउमजून अविचाराने घर विकले' हे वाक्य मराठी कानाला विसंगत वाटते. 'त्याने समजूनउमजून बेदरकारपणे गाडी हाकली' हे वाटत नाही. अविचार म्हणजे विचाराचा अभाव. जो समजून करतो त्याच्या ठिकाणी तो अभाव नसतो. 'बेदरकार' मध्ये फारसी 'दरकार' म्हणजे पर्वा आहे. परिणाम ठाऊक असूनही पर्वा न करणारा तो बेदरकार. दासबोधाने पढतमूर्खाला स्वतंत्र समास दिला, म्हणजे जाणूनही चुकणाऱ्याची जात मराठीला सात-आठ शतकांच्या वाङ्मयीन परंपरेत अपरिचित नाही. पण त्या नामापासून कोणी क्रियाविशेषण केले नाही.

फिर्यादीतील क्रियाविशेषण

हा भेद केवळ शब्दरसिकांचा नाही. महाराष्ट्रात वाहन अपघाताची फिर्याद नोंदवताना 'हयगयीने, अविचाराने, भरधाव वेगाने, वाहतुकीच्या नियमांकडे दुर्लक्ष करून' अशी शब्दमाला ठरल्यासारखी येते आणि वृत्तपत्रे ती उचलतात. यांतील 'हयगयीने' व 'अविचाराने' हे शब्द कायद्यातील दोन इंग्रजी संज्ञांचे प्रतिनिधी आहेत. १८६० च्या भारतीय दंड संहितेत १८७० साली कलम ३०४-अ घालण्यात आले. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेत त्याची जागा कलम १०६ ने घेतली आणि कमाल शिक्षा दोन वर्षांवरून पाच वर्षांवर गेली. कलम बदलले तरी 'रॅश' ही संकल्पना कायम आहे. तिचा अर्थ मद्रास उच्च न्यायालयाने १८७२ साली नागभूषणम् प्रकरणात विशद केला. अनिष्ट परिणाम होऊ शकेल याची जाणीव असताना, तो होणार नाही या आशेवर केलेले कृत्य ते 'रॅश'. आणि जी काळजी घेणे कर्तव्य होते ती न घेता, परिणामाची जाणीव न ठेवता केलेले ती हयगय. पुढील अनेक निकालांत हाच भेद आधारभूत मानला गेला.

या व्याख्येपुढे 'अविचाराने' हा शब्द ठेवला तर विपरीत चित्र दिसते. कायद्याला अभिप्रेत असलेला मनुष्य विचार करतो आणि धोका पत्करतो. मराठी शब्द सांगतो की त्याने विचारच केला नाही. वस्तुतः 'अविचाराने' हा शब्द 'हयगयीने'च्या जवळ जाऊन बसतो आणि शब्दमालेतील दोन संज्ञांचा अर्थ एकच होतो. जाणीव असलेला दोष कोणीच सांगत नाही. तो सांगण्यास 'बेदरकारपणे' हा शब्द अधिक योग्य आहे आणि तो मराठीत उपलब्धही आहे. जुन्या अर्थाचा 'सहसा' आज हाताशी असता तर त्यातील बलाचा अंश येथे उपयोगी पडला असता, पण तो शब्द आता नऊ वाजता येणाऱ्या माणसाकडे गेला आहे.

जाणीव हा शब्द येथे किती वजनाचा आहे, हे पुण्याने अलीकडे अनुभवले. १९ मे २०२४ रोजी कल्याणीनगर येथे मोटारीच्या धडकेत दोघांचा मृत्यू झाला. त्या प्रकरणात प्रथम कलम ३०४-अ लावले गेले आणि नंतर सदोष मनुष्यवधाचे कलम ३०४ जोडले गेले. प्रकरणाच्या गुणदोषांशी येथे कर्तव्य नाही. परंतु या दोन कलमांमधील अंतर मुख्यतः जाणिवेच्या प्रमाणाचे आहे. वृत्तांत वाचणाऱ्या मराठी वाचकापुढे मात्र 'अविचाराने' हा एकच शब्द असेल, तर हे अंतर त्याला दिसणार कसे?

आणखी एक गोष्ट. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ साली कर्नाटकातील एका प्रकरणात केवळ वाहनाचा वेग जास्त होता एवढ्यावरून हयगय किंवा बेदरकारी सिद्ध होत नाही, असे म्हटले. 'जास्त वेग' ही सापेक्ष बाब आहे, तिचे स्वरूप साक्षीपुराव्यातून पुढे आले पाहिजे. व्याकरणाच्या भाषेत सांगावयाचे तर 'भरधाव' आणि 'अविचाराने' ही क्रियाविशेषणे घटना सांगत नाहीत, घटनेवरचे मत सांगतात. फिर्यादीखाली सही करणारा ग्रामीण फिर्यादी ते मत आपलेच म्हणून स्वीकारतो, कारण शब्द त्याच्या ओळखीचा आहे. त्याच्या बोलीत 'अविचाराने' म्हणजे विचार न करता. उलटतपासणीत त्याला कोणी विचारले की, चालकाने विचार केला नव्हता हे तुम्हास कसे समजले, तर तो निरुत्तर होईल. आणि मराठी शब्दाच्या आधारे तो प्रश्न अगदी रास्त असेल, जरी कायद्याने तो मुळीच विचारलेला नाही.