सकळ लिपी आणि खेळांची कुलुपे

रिद्धपूरशी निगडित असलेले महानुभाव वाङ्मय दीर्घकाळ सकळ लिपीत बंद राहिले. ती लिपी अक्षरे बदलते, भाषा नव्हे, म्हणूनच वि. का. राजवाडे यांना विसाव्या शतकाच्या आरंभी ती उकलता आली. संगणकीय खेळांच्या कुलुपांना हा दृष्टांत देणारे एक भेद विसरतात. पोथीची किल्ली पंथपरंपरेत जिवंत होती. खेळाची किल्ली पुष्कळदा निर्मात्याच्या सर्व्हरवर असते, आणि तो बंद पडताच विकत घेतलेली प्रतही मुकी होते. ती उघडणाऱ्यास सरसकट चोर म्हणणे ही शब्दयोजना सैल होय. कॉपीराइट कायद्यात २०१२ साली आलेले कलम ६५-अ येथे अधिक काटेकोर आहे, कारण ते हक्कभंगाचा हेतू पाहते. मात्र त्याच्या अपवादांत संकेतन-संशोधन नावानिशी येते, जतन येत नाही.