संग्राहक आणि संग्रह : ‘सेल्युलॉइड मॅन’चे परीक्षण

पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले. त्याची उभारणी करणारे पी. के. नायर (१९३३–२०१६) यांच्या कार्यावर शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांनी २०१२ साली ‘सेल्युलॉइड मॅन’ हा माहितीपट काढला. त्याचा गौरव पुष्कळ झाला आहे. येथे आम्ही त्यातील विचाराची तपासणी करू इच्छितो.

मूकपटांच्या काळात भारतात सुमारे १७०० चित्रपट निघाले. त्यांपैकी नायर यांना अवघे नऊ वाचविता आले, असे हा माहितीपट सांगतो. नायट्रेट फिल्म चटकन पेट घेते; शिवाय फिल्ममधील चांदी काढून विकण्यासाठी रिळेच्या रिळे नष्ट करण्यात आली. ‘आलम आरा’ (१९३१) या पहिल्या भारतीय बोलपटाची एकही प्रत आज उपलब्ध नाही. फाळक्यांचा ‘कालिया मर्दन’ (१९१९) मात्र नायर यांनी विस्कळीत तुकडे जुळवून पुन्हा उभा केला.

चांगले-वाईट ठरविणे हे संग्राहकाचे काम नव्हे, ही नायर यांची भूमिका आम्हांस सर्वाधिक मोलाची वाटते. काय जपावे हे ठरविणारा हात बहुधा आपल्या काळातील प्रतिष्ठेच्या कल्पनांनी बांधलेला असतो. डिसेंबर १९५६ मध्ये मुंबईत निघालेल्या बाबासाहेबांच्या अंत्ययात्रेचे चित्रीकरण नामदेव व्हटकर यांनी स्वतःच्या हिमतीवर केले. अशा चित्रणाचे मोल बाजाराच्या तराजूत तोलले, तर ते जपण्याचे कारणच उरत नाही. ज्या समाजाचा इतिहास इतरांच्या लेखणीतून वगळला गेला, त्याला या भूमिकेचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

माहितीपटातील सर्वांत जिवंत भाग कर्नाटकातील हेग्गोडूचा आहे. संग्रहातील जागतिक चित्रपट तेथील शेतकऱ्यांपर्यंत पोहोचले आणि त्यांच्या स्मरणात राहिले. जतन केलेली वस्तू लोकांच्या उपयोगी पडली पाहिजे, हे सूत्र येथे आपोआप सिद्ध होते.

उणीव आहे ती मांडणीत. नामवंतांच्या आठवणींना येथे फार जागा मिळाली आहे. रिळे पुसणारे, तपासणारे, नोंदी ठेवणारे कर्मचारी त्यामानाने दूरच राहतात. नायर १९९१ मध्ये निवृत्त झाले. त्यानंतर डब्यांवर चढलेला गंज माहितीपट दाखवितो, परंतु एका व्यक्तीच्या जाण्याने संस्था का ढासळावी, या प्रश्नाच्या मुळाशी तो जात नाही. २००३ साली पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेट फिल्मचा मोठा साठा भस्मसात झाला. शीतगृह, नियमित तपासणी आणि अचूक सूची यांचा भार कोणा एकाच्या निष्ठेवर टाकता येत नाही.

२०२२ मध्ये हे संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. व्यवस्था बदलली, तरी दोन मागण्या कायम राहतात : संग्रहात काय आहे याची संपूर्ण सूची जनतेस खुली असावी, आणि सामान्य अभ्यासकास ते चित्रण पाहता यावे. हा माहितीपट पाहून वाचकांनी नायर यांना वंदन अवश्य करावे. त्यासोबत या मागण्याही कराव्यात, असे आम्ही सुचवितो.