मूलपेशी आणि मज्जासंस्थेचे विकार : आशा किती, आधार किती?

सोमेश्वरनगर परिसरातील एका माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवणाऱ्या शिक्षिकांचे आम्हाला पत्र आले. दहावीच्या वर्गात मूलपेशींचा पाठ झाल्यावर दुसऱ्या दिवशी एका विद्यार्थिनीने घडी घातलेले रंगीत माहितीपत्रक त्यांच्यासमोर ठेवले. तिचे वडील दोन वर्षांपूर्वी उसाच्या ट्रॉलीवरून पडले, पाठीच्या कण्याला मार बसला आणि तेव्हापासून कमरेखालचे शरीर लुळे आहे. मूलपेशींची इंजेक्शने घेतल्यावर असे रुग्ण पुन्हा उभे राहतात, असे एका उपचारकेंद्राच्या त्या पत्रकात छापले होते. खर्च काही लाखांचा. एक एकर बागायत विकावी असा विचार घरात चालला होता. मुलीने विचारले, "बाई, आपल्या पुस्तकातही हेच आहे ना?" या प्रश्नाचे उत्तर बाईंनी आमच्याकडे मागितले आहे.

येथे दोन मजकूर समोर आहेत. पाठ्यपुस्तकातला मजकूर सद्हेतूने लिहिलेला आहे, पत्रकातला विक्रीसाठी. दोन्हींना एकाच मापाने मोजणे अन्यायाचे होईल. तरीही दोन्हींत एक उणीव समान आहे. ‘होते’, ‘होऊ शकेल’ आणि ‘होते का ते तपासले जात आहे’ ही तीन विधाने तेथे एकच होऊन बसली आहेत. विज्ञानात या तिन्हींमध्ये कधी दहा वर्षांचे, कधी पन्नास वर्षांचे अंतर असते.

एका यादीतील दोन गोष्टी

२०१८ साली आलेल्या दहावीच्या ‘विज्ञान आणि तंत्रज्ञान, भाग २’ या पुस्तकात मूलपेशींना जागा मिळाली, हे स्वागतार्हच आहे. आमच्या पिढीला शाळेत हा शब्दही भेटला नव्हता. मूलपेशी म्हणजे काय, त्या कोठून मिळतात, हे तेथे सोप्या भाषेत सांगितले आहे. अडचण उपयोगांच्या यादीत आहे. रक्ताचा कर्करोग व थॅलेसेमिया यांसारखे विकार आणि पार्किन्सन व अल्झायमर यांसारखे मेंदूचे विकार तेथे शेजारी शेजारी येतात. वाचणाऱ्या मुलाला वाटते की दोन्हींवरचा उपचार सारखाच तयार आहे.

वस्तुस्थिती तशी नाही. रक्ताच्या विकारांसाठी अस्थिमज्जेचे रोपण ही सिद्ध झालेली पद्धत आहे. तिच्या पायाभूत कामासाठी डोनाल थॉमस यांना १९९० चे नोबेल पारितोषिक मिळाले. भारतात असे पहिले रोपण मुंबईच्या टाटा स्मारक रुग्णालयात १९८३ मध्ये झाले. पार्किन्सनवरील काम अद्याप मोजक्या रुग्णांवरील चाचण्यांच्या पायरीवर आहे. अल्झायमरच्या बाबतीत तर तितकेही म्हणता येत नाही, कारण त्यात मेंदूच्या अनेक भागांतील अनेक प्रकारच्या पेशी नष्ट होतात.

आपल्या भाषेनेही येथे एक घोटाळा करून ठेवला आहे. हाडाच्या पोकळीतील मऊ पदार्थाला आपण अस्थिमज्जा म्हणतो आणि पाठीच्या कण्यातील चेतातंतूंच्या दोराला मज्जारज्जू. ‘मज्जा’ हा शब्द दोन्हीकडे आहे, पण नाते केवळ नावाचे आहे. अस्थिमज्जा रक्तपेशी तयार करते. गर्भात ती मध्यस्तरापासून घडते, तर मेंदू व मज्जारज्जू बाह्यस्तरापासून. त्या केंद्राच्या पत्रकात कमरेच्या हाडातून मज्जा काढून तिच्यातील पेशी पाठीत टोचण्याचे वर्णन आहे. मज्जेतून मज्जा होणारच, असे ऐकणाऱ्याला सहज वाटते. अस्थिमज्जेच्या पेशी मेंदूत जाऊन चेतापेशी बनतात, असे उंदरांवरील प्रयोगांतून २००० साली खरोखरच मांडले गेले होते. परंतु २००२-०३ पर्यंत लक्षात आले की निदान काही ठिकाणी तरी ती पेशी चेतापेशी बनली नव्हती, तर आधीच्या चेतापेशीशी एकजीव झाली होती. हा शब्दाचा फरक वर्गात फळ्यावर लिहून दाखवण्याजोगा आहे.

खऱ्या चेतामूलपेशी

मग मज्जासंस्थेच्या स्वतःच्या मूलपेशी असतात की नाही? असतात, आणि त्यांच्या शोधाची कथा मोठी उद्बोधक आहे. जन्मानंतर मेंदूत नव्या चेतापेशी तयार होत नाहीत, असे विसाव्या शतकात दीर्घकाळ मानले जाई. १९६५ मध्ये अमेरिकेत जोसेफ आल्टमन आणि मूळचे भारतीय असलेले गोपाल दास यांनी उंदरांच्या मेंदूतील हिप्पोकॅम्पस या स्मृतीशी संबंधित भागात जन्मानंतरही नव्या पेशी तयार होत असल्याचे पुरावे दिले. त्यांच्याकडे फारसे कोणी लक्ष दिले नाही. १९९२ मध्ये कॅनडातील रेनॉल्ड्स आणि वाइस यांनी प्रौढ उंदराच्या मेंदूतील पेशी बशीत वाढवल्या. त्या विभाजित होत राहिल्या आणि त्यांच्यापासून चेतापेशी व आधारपेशी दोन्ही तयार झाल्या. १९९८ मध्ये एरिकसन, गेज व त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रौढ माणसाच्या मेंदूतही अशा नव्या पेशी दाखवल्या.

पुढे २०१३ मध्ये स्वीडनमधील संशोधकांनी एक चतुर युक्ती वापरली. १९५० व ६० च्या दशकांतील अणुचाचण्यांमुळे हवेत कार्बन-१४ वाढला आणि नंतर कमी होत गेला. पेशी ज्या वर्षी जन्मली, त्या वर्षीच्या हवेची खूण तिच्या डीएनएत राहते. त्यावरून त्यांनी हिशेब मांडला की दोन्ही बाजूंच्या हिप्पोकॅम्पसमध्ये प्रत्येकी रोज सुमारे ७०० नव्या चेतापेशींची भर पडते. तरीही वाद संपला नाही. २०१८ च्या मार्चमध्ये एका गटाने लिहिले की प्रौढ माणसात अशा पेशी आढळतच नाहीत. महिनाभरात दुसऱ्या गटाने लिहिले की वृद्धांतही आढळतात. २०२५ मध्ये स्वीडनच्या त्याच गटाने प्रौढ मेंदूतील विभाजित होणाऱ्या पूर्वपेशी ओळखल्याचे प्रसिद्ध केले.

मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतही याच क्षेत्रात काम चालते. शुभा टोळे यांच्या गटाने गर्भाच्या मेंदूत हिप्पोकॅम्पसची जागा कशी ठरते याचा मागोवा घेतला आहे. विदिता वैद्य यांचा गट प्रौढ प्राण्यांत नव्या चेतापेशींच्या निर्मितीवर मेंदूतील रसायनांचा काय परिणाम होतो, हे तपासतो. हे संशोधन निसर्गाचा नियम समजून घेण्यासाठी आहे. ‘चेतामूलपेशी आहेत’ या वाक्यावरून ‘म्हणून लुळे पाय बरे होतील’ या वाक्यावर उडी मारता येत नाही.

खोडवा आणि मज्जारज्जू

ऊस तुटून गेला तरी जमिनीतील खोडक्यावरचे डोळे फुटतात आणि खोडवा उभा राहतो. सोमेश्वरनगरच्या मुलांना हे सांगावे लागत नाही. मग तुटलेला मज्जारज्जू का फुटत नाही, असे एखाद्याने वर्गात विचारलेच, तर तो प्रश्न उत्तमच आहे. डोळ्यातील विभाजी ऊती जिवंत असतात आणि त्यांना केवळ नवा कोंब काढायचा असतो. कोंबाने जुन्या उसाच्या नेमक्या त्याच पेऱ्याशी जोडले जावे, अशी अट नसते.

मज्जारज्जूत हीच अट असते. मेंदूतील एका पेशीचा तंतू खाली कंबरेपर्यंत येतो आणि तेथील ठराविक पेशीशी जोडला जातो. तेथून निघालेला दुसरा तंतू पायाच्या ठराविक स्नायूपर्यंत जातो. इजा झाली की हे तंतू तुटतात आणि त्या जागी आधारपेशींचा व्रण तयार होतो. आतील काही पेशी विभाजित होतातही, पण त्यांपासून मुख्यतः आधारपेशीच घडतात. नवी पेशी बाहेरून दिली तरी तिने जगावे, योग्य प्रकारची बनावे, तंतू काढावा, तो व्रणातून पार व्हावा आणि योग्य ठिकाणी जोडला जावा, अशा पाच पायऱ्या उरतात. पत्रकात मात्र पेशी ‘खराब जागा शोधून दुरुस्ती करतात’ या एका वाक्यात पाचही पायऱ्या उरकल्या आहेत.

पार्किन्सनमध्ये गणित तुलनेने सोपे आहे. तेथे प्रामुख्याने डोपामिन बनवणाऱ्या एका प्रकारच्या पेशी नष्ट होतात. नव्या पेशींनी योग्य जागी बसून डोपामिन पुरवले, तरी काही काम होऊ शकते. म्हणून या क्षेत्रातील सर्वांत गंभीर प्रयत्न त्याच विकारावर झाले. जपानमधील क्योतो येथे सात रुग्णांवर झालेल्या चाचणीचे निष्कर्ष २०२५ मध्ये आले. पेशी जगल्या, गाठी झाल्या नाहीत आणि तपासलेल्या सहापैकी चार जणांच्या हालचालींत औषध न घेतलेल्या अवस्थेत सुधारणा दिसली. बातमी आनंदाची आहे, पण रुग्ण सात आणि तुलनेसाठी दुसरा गट नाही. उलट मानेजवळील मज्जारज्जूच्या इजेवर चेतामूलपेशी वापरणारी अमेरिकेतील एक चाचणी अपेक्षित लाभ दिसेना म्हणून २०१६ मध्ये बंद करण्यात आली.

तुलनेचा वाफा कोठे आहे?

पत्रकात ‘सुधारणा झालेल्या’ रुग्णांची छायाचित्रे आहेत. आम्ही ती खोटी आहेत असे म्हणत नाही. आमचा प्रश्न वेगळा आहे : उपचार न घेतलेल्या तशाच रुग्णांचे काय झाले? या केंद्रांत इंजेक्शनाबरोबर नियमित व्यायामोपचारही दिला जातो. अपूर्ण इजा असलेल्यांत काही सुधारणा आपोआपही होते. श्रेय कोणाचे, हे छायाचित्र सांगत नाही.

हा मुद्दा शेतकऱ्याच्या घरात पटकन समजतो. नवे खत सर्व शेतात टाकले आणि पाऊसही चांगला झाला, तर उतारा कशामुळे वाढला ते कळत नाही. म्हणून एक वाफा खताशिवाय ठेवायचा असतो. नीरेकाठी पाडेगावचे ऊस संशोधन केंद्र १९३२ पासून हेच करीत आले आहे. को ८६०३२ या वाणाच्या क्रमांकातील ८६ हा आकडा १९८६ सालचा. महाराष्ट्रात लागवडीसाठी त्याची शिफारस झाली १९९६ मध्ये. उसाच्या टिपरीसाठी आपण दहा वर्षे थांबतो, आणि माणसाच्या पाठीच्या कण्यासाठी छायाचित्रांवर भागवतो!

वैद्यकातही वाफा ठेवता येतो. अमेरिकेत पार्किन्सनच्या ४० रुग्णांवर केलेल्या आणि २००१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत निम्म्या रुग्णांच्या मेंदूत गर्भाच्या पेशी घातल्या. उरलेल्यांच्या कवटीला फक्त छिद्रे पाडली. कोण कोणत्या गटात आहे हे रुग्णांना ठाऊक नव्हते. वर्षानंतर रुग्णांनी स्वतःच्या प्रकृतीला दिलेल्या गुणांत दोन्ही गटांत लक्षणीय फरक आढळला नाही. तरुण रुग्णांच्या हालचाली काहीशा सुधारल्या, पण पुढे सुमारे १५ टक्के रोपित रुग्णांत अनावर हालचाली सुरू झाल्या. तुलनेचा गट नसता, तर ही चाचणी मोठे यश म्हणून गाजली असती.

‘स्वतःच्याच पेशी, म्हणून धोका नाही’ हे पत्रकातील विधानही तपासावे लागते. मज्जारज्जूला इजा झालेल्या एका तरुणीच्या नाकातील ऊती तिच्याच पाठीत बसवल्या होत्या. आठ वर्षांनी तेथे श्लेष्मा स्रवणारी गाठ आढळली, असा अहवाल २०१४ मध्ये आला. परक्या पेशींचा धोका त्याहून वेगळा. मॉस्कोमध्ये गर्भाच्या चेतामूलपेशी टोचून घेतलेल्या एका इस्रायली मुलाच्या मेंदूत व मज्जारज्जूत गाठी झाल्या. त्या दात्यांच्या पेशींपासून झाल्याचे २००९ मध्ये सिद्ध झाले. अशा घटना विरळ असतील, पण ‘धोका नाही’ हे शब्द त्यांच्यापुढे टिकत नाहीत.

बाईंना आमचे उत्तर

आपल्या देशातील नियम याबाबत पुरेसे स्पष्ट आहेत. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या २००७ च्या मार्गदर्शक तत्त्वांच्या शीर्षकात ‘संशोधन आणि उपचार’ असे शब्द होते. २०१३ मध्ये ‘उपचार’ हा शब्द जाणीवपूर्वक गाळण्यात आला आणि २०१७ च्या आवृत्तीतही तो परत आला नाही. एका शब्दाच्या गाळण्याने एवढे स्पष्ट बोललेले आम्ही क्वचितच पाहिले आहे. चाचणी असेल तर तिची परवानगी हवी, भारताच्या चाचणी नोंदणीपटावर तिची नोंद हवी आणि रुग्णाकडून पैसे घेता कामा नयेत. निव्वळ नोंद आहे म्हणून उपचार सिद्ध झाला, असेही नाही.

म्हणून बाईंनी त्या मुलीच्या घरी तीन प्रश्न द्यावेत, असे आम्ही सुचवतो. हा उपचार आहे की चाचणी? चाचणी असेल तर पैसे कशाचे? उपचार असेल तर तुलनेचा गट ठेवून केलेली चाचणी कोठे प्रसिद्ध झाली? या तिन्हींची लेखी उत्तरे मिळेपर्यंत एक एकर जमीन जागेवरच राहू द्यावी.

त्याच वेळी ‘काहीच करता येत नाही’ असेही सांगू नये, कारण तेही खरे नाही. अंगावर जखमा होऊ न देणे, मूत्राशयाची योग्य निगा, सांध्यांचे व्यायाम, चाकाची खुर्ची घरात फिरेल अशी उंबऱ्याची दुरुस्ती, यांनी अशा रुग्णांचे आयुष्य वाढते आणि ते बसून कामही करू शकतात. मुंबईत हाजी अली येथील अखिल भारतीय भौतिक वैद्यक व पुनर्वसन संस्थेसारखी सरकारी ठिकाणे त्यासाठीच आहेत. यात चमत्कार नाही, पण आधार आहे.

राहिले पाठ्यपुस्तक. ते बदलेल तेव्हा बदलेल. तोवर शिक्षकांनी उपयोगांच्या यादीपुढे मुलांकडून पेन्सिलीने तीन खुणा करून घ्याव्यात : ‘सिद्ध’, ‘चाचणी चालू’ आणि ‘अद्याप कल्पना’. दहा मिनिटांचे काम आहे. त्या मुलीच्या प्रश्नाचे प्रामाणिक उत्तर मग असे देता येईल : पुस्तकात आहे ते स्वप्न खोटे नाही, पण ते अजून दवाखान्यात पोचलेले नाही. जो ते आजच विकतो आहे, त्याच्याकडे ते नाही.