चकमकीचे कथन : रहस्यकथेतील न्याय आणि पोलिसी वास्तव
(सिद्धगड ते बदलापूर : एक चिकित्सा)

सारांश

पोलीस चकमक ही जशी एक घटना असते, तसेच ते एक कथनही असते. रहस्यकथेत गुन्हेगाराच्या वधाला वाचक मान्यता देतो, कारण निवेदकाने त्याचा अपराध आधीच सिद्ध केलेला असतो. प्रत्यक्षातील चकमकीत निवेदक हा स्वतः गोळी झाडणारा असतो आणि प्रतिवाद करू शकणारे दुसरे पात्र मृत असते. या दोन कथनांतील भेद लक्षात न घेतल्यामुळे कथेतील न्यायाची अपेक्षा वास्तवावर लादली जाते, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. विवेचनासाठी मुरबाड तालुक्यातील सिद्धगडाची १९४३ ची घटना, मराठी रहस्यकथा व तिच्याशी नाते सांगणारे काही चित्रपट, तसेच २००६ व २०२४ मधील दोन चकमकी आधारभूत घेतल्या आहेत.

बीजसंज्ञा : चकमक, रहस्यकथा, निवेदक, फिर्याद, स्वसंरक्षण

प्रस्तावना

'चकमक' हा शब्द मुळात गारगोटीवर पोलाद आपटून ठिणगी पाडण्याच्या साधनाचा वाचक आहे. ठिणगी पडण्यासाठी दोन कठीण पदार्थ एकमेकांवर आदळावे लागतात. म्हणूनच 'चकमक झडली' असे म्हणताना दोन्ही बाजूंनी प्रहार झाला, हे गृहीत धरले जाते. पोलिसांच्या गोळीबारात एखादा संशयित मरण पावल्यावर वृत्तपत्रे हा शब्द योजतात, तेव्हा प्रहार दोन्ही बाजूंनी झाला होता की नाही, हा मूळ प्रश्न चौकशी होण्यापूर्वीच निकालात निघतो. शब्दातच निष्कर्ष दडलेला असतो. 'चकमकफेम' या विशेषणाने तर त्या निष्कर्षाला प्रतिष्ठाही प्राप्त करून दिली आहे.

शहापूर आणि मुरबाड हे ठाणे ग्रामीणमधील तालुके या विषयाच्या परिघावर आहेत, असे वरवर पाहता वाटेल. टोळीयुद्धाच्या कथा मुंबईत घडतात. कसारा किंवा माळशेज घाट त्यांत आलाच, तर फरारी आरोपीने ओलांडायची वा मृतदेह टाकण्याची जागा म्हणून येतो. परंतु पोलिसांच्या गोळीने झालेला मृत्यू आणि त्याची परस्परविरोधी कथने यांचा अनुभव या भूमीला मुंबईच्या कितीतरी आधीपासून आहे.

१. सिद्धगड : एक घटना, दोन कथने

माथेरान येथे १ डिसेंबर १९१२ रोजी जन्मलेले विठ्ठल लक्ष्मण तथा भाई कोतवाल हे व्यवसायाने वकील होते. १९४२ च्या आंदोलनात त्यांनी 'आझाद दस्ता' उभारला आणि मुंबईला वीज पुरवणाऱ्या वाहिन्यांचे मनोरे पाडून सरकारला जेरीस आणले. २ जानेवारी १९४३ रोजी पहाटे मुरबाड तालुक्यातील सिद्धगडाच्या जंगलात पोलिसांनी दस्त्याला गाठले. हिराजी पाटील आणि भाई कोतवाल तेथे मारले गेले. जखमी अवस्थेतील कोतवालांवर हॉल या पोलीस अधिकाऱ्याने जवळून गोळी झाडली, असे या परिसरातील लोकपरंपरा सांगते. दरवर्षी २ जानेवारीला सिद्धगडावर हुतात्म्यांना मानवंदना दिली जाते. २०२० मध्ये कोतवालांच्या जीवनावर मराठी चित्रपटही निघाला.

तत्कालीन शासनाच्या दृष्टीने ते घातपाती व फरारी आरोपी होते. शासकीय दृष्टिकोनातून ही एका धोकादायक टोळीवरील यशस्वी कारवाई ठरते, तर लोकस्मृतीत ते हौतात्म्य आहे. घटना एकच, परंतु निवेदक बदलताच तिचा अर्थ उलटा होतो. लोकांनी शासकीय कथन स्वीकारले नाही आणि ऐंशीहून अधिक वर्षे आपले कथन जपले, हे येथे महत्त्वाचे आहे.

याच्या जोडीला आणखी एक तपशील विचारात घ्यावा लागतो. सह्याद्रीच्या याच पट्ट्यात ब्रिटिशांविरुद्ध बंड करणाऱ्या राघोजी भांगरे यांना २ मे १८४८ रोजी ठाण्याच्या कारागृहात फाशी देण्यात आली. ती शिक्षा अन्याय्य होती, याविषयी दुमत नसावे. तथापि तेथे अभियोग चालला आणि त्याची कागदपत्रे मागे राहिली. अन्यायी न्यायालयाच्या दप्तरातूनही इतिहासकाराला आरोपीचा आवाज शोधता येतो. जंगलातील गोळीमागे असा दप्तराचा आधार राहत नाही.

२. रहस्यकथेतील सर्वज्ञ निवेदक

बाबूराव अर्नाळकर, गुरुनाथ नाईक, सुहास शिरवळकर या लेखकांनी मराठीत रहस्यकथेचा प्रचंड वाचकवर्ग निर्माण केला. अर्नाळकरांची पुस्तकसंख्या हजाराच्या पुढे जाते. फिरत्या वाचनालयांपासून एस. टी. स्थानकावरील पुस्तकविक्रेत्यांपर्यंत या कथा पोहोचल्या. समीक्षेने त्यांची दखल फारशी घेतली नाही. मात्र न्याय म्हणजे काय, याविषयीची सर्वसामान्य वाचकाची कल्पना घडवण्यात त्यांचा वाटा उपेक्षणीय नाही.

अर्नाळकरांचे झुंजार आणि काळा पहाड हे नायक कायद्याच्या चौकटीबाहेर राहून दुष्टांना शासन करतात. शिरवळकरांच्या कथाविश्वात बॅरिस्टर अमर विश्वास न्यायालयात युक्तिवाद करतो, तर दारा बुलंदसारखा नायक न्यायालयाची वाट पाहत नाही. म्हणजे विधीने मिळणारा आणि विधीबाह्य, असे न्यायाचे दोन्ही मार्ग एकाच लेखकाच्या लेखनात शेजारी शेजारी नांदतात. वाचकाला दोन्ही रुचतात. याचे कारण नायकांच्या स्वभावात शोधण्यापेक्षा कथनाच्या रचनेत शोधणे अधिक युक्त ठरेल.

रहस्यकथेतील निवेदक बहुधा सर्वज्ञ असतो. खलपुरुषाने खून केला, हे वाचकाने निवेदकाच्या साक्षीने 'पाहिलेले' असते. त्यामुळे अखेरीस नायकाची गोळी सुटते, तेव्हा ती चुकीच्या माणसाला लागण्याची शक्यताच उरत नाही. वाचकाचे समाधान हिंसेतून जितके येते, त्याहून अधिक या निश्चितीतून येते. वास्तवातील पोलिसाजवळ मात्र खबऱ्याची माहिती, अपुरा पुरावा, वरिष्ठांचा दबाव आणि स्वतःचे पूर्वग्रह असतात. रहस्यकथेचा वाचक ज्या निश्चितीच्या बळावर वधाला मान्यता देतो, ती निश्चिती रस्त्यावर उपलब्ध नसते.

माणसाचा अपराध सिद्ध होण्यापूर्वीच तो गृहीत धरण्याची ही रीत केवळ कथेपुरती नाही. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने काही समाजांना जन्मतःच गुन्हेगार ठरवले होते. तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाला. संशयाची सवय मात्र कायद्याबरोबर रद्द होत नाही.

३. पडद्यावरील पोलीस : कबुलीकडून आकड्याकडे

श्री. दा. पानवलकर यांच्या 'सूर्य' या मराठी कथेवर आधारित 'अर्धसत्य' हा गोविंद निहलानी यांचा हिंदी चित्रपट १९८३ मध्ये आला. त्याची पटकथा विजय तेंडुलकरांची होती. त्यातील उपनिरीक्षक अनंत वेलणकर याच्या मारहाणीत कोठडीतील एका भुरट्या चोराचा मृत्यू होतो. शेवटी तो गुंडपुढारी रामा शेट्टीला ठार करतो आणि स्वतःहून पोलिसांच्या स्वाधीन होतो. त्याची ही कृती समर्थनीय नाही. तरीही ती स्वसंरक्षणाच्या बनावाखाली लपवली जात नाही. वेलणकर स्वतःच्या अपराधाचा प्रामाणिक निवेदक ठरतो, आणि त्याच्या शोकात्म उंचीचे रहस्य यातच आहे.

त्याच्या आदल्या वर्षी, ११ जानेवारी १९८२ रोजी, वडाळा येथे मन्या सुर्वे पोलिसांच्या गोळीबारात ठार झाला. मुंबईतील पहिली चकमक म्हणून तिचा उल्लेख केला जातो. त्यानंतरच्या दोन दशकांत चकमक ही कार्यपद्धती बनली आणि चित्रपटांतही तिचे प्रतिबिंब पडले. २००४ मधील 'अब तक छप्पन'चे शीर्षकच मृतांची संख्या सांगते. साधू आगाशेची व्यक्तिरेखा गुंतागुंतीची असली, तरी तेथे वध हा अपवाद उरत नाही. तो अधिकाऱ्याच्या कारकिर्दीचे मोजमाप होतो. वेलणकरच्या बाबतीत एका मृत्यूचे ओझे नायकाला मोडून टाकते, आगाशेच्या बाबतीत छप्पन मृत्यू ही त्याची ओळख ठरते. वीस वर्षांतील हे अंतर केवळ चित्रपटाचे नाही, प्रेक्षकाच्या नैतिक अपेक्षेचेही आहे.

ऑगस्ट २०१४ मध्ये प्रदर्शित झालेल्या अभिजित पानसे यांच्या 'रेगे' या मराठी चित्रपटाने एक पाऊल पुढे टाकले. गुन्हेगारी विश्वाचे आकर्षण वाटणारा वैद्यकीय विद्यार्थी त्याच्या केंद्रस्थानी आहे, आणि प्रदीप शर्मा, सचिन वाझे या पोलीस अधिकाऱ्यांची पात्रे त्यांच्या खऱ्या नावांनी पडद्यावर येतात. येथे कथा आणि वास्तव यांच्यातील पडदा विरळ होतो, हे पुढील विवेचनाच्या दृष्टीने ध्यानात ठेवावे लागते.

४. फिर्याद नावाचे कथन

चकमकीनंतर पोलीस ठाण्यात जी फिर्याद नोंदवली जाते, तिचा एक ठरलेला आकृतिबंध आहे. गुप्त बातमीदाराकडून खबर मिळते. सापळा रचला जातो. संशयिताला शरण येण्याचा इशारा दिला जातो. तो गोळीबार करतो. पोलीस स्वसंरक्षणार्थ प्रत्युत्तर देतात आणि रुग्णालयात नेण्यापूर्वीच वा नेल्यानंतर त्याला मृत घोषित केले जाते. स्थळ आणि नावे बदलतात, परंतु कथानक बदलत नाही. साहित्याच्या अभ्यासकाला अशी पुनरावृत्ती साचेबंद लेखनाची खूण म्हणून परिचित असते. एखादे कथन साचेबंद आहे, म्हणून ते खोटेच असते असे नाही. मात्र अशा कथनाची पडताळणी अधिक काटेकोरपणे व्हावी लागते.

११ नोव्हेंबर २००६ रोजी मुंबईत वर्सोवा येथे रामनारायण गुप्ता ऊर्फ लखनभैया पोलिसांच्या गोळीबारात मारला गेला. पोलिसांचे कथन वरील आकृतिबंधाला धरून होते. परंतु मृताचा भाऊ वकील होता. वाशी येथून भावाला पोलिसांनी उचलून नेल्याच्या तारा त्याने चकमक दाखवली जाण्यापूर्वीच अधिकाऱ्यांकडे रवाना केल्या होत्या. कथानकाचा शेवट घडण्याआधीच तो शेवट वर्तवणारा कागद अस्तित्वात होता, आणि त्यामुळे स्वसंरक्षणाचे कथन कोसळले. २००९ मध्ये उच्च न्यायालयाच्या आदेशाने विशेष तपास पथक नेमले गेले. या खटल्यातील प्रमुख साक्षीदार त्याची साक्ष होण्याच्या काही दिवस आधी, मार्च २०११ मध्ये, बेपत्ता झाला. पुढे त्याचा मृतदेह तत्कालीन ठाणे जिल्ह्यातील मनोर परिसरात सापडला. जुलै २०१३ मध्ये सत्र न्यायालयाने १३ पोलिसांसह २१ जणांना दोषी ठरवले आणि प्रदीप शर्मा यांची निर्दोष मुक्तता केली. १९ मार्च २०२४ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने ही मुक्तता रद्द करून त्यांना जन्मठेप सुनावली. त्यानंतर प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. चित्रपटातील पात्राला आपले नाव देणाऱ्या अधिकाऱ्याचा न्याय शेवटी पुराव्याच्या आधारेच करावा लागला.

दरम्यान, १९९५ ते १९९७ या काळात मुंबईत झालेल्या ९९ चकमकी व त्यांतील सुमारे १३५ मृत्यू यांसंबंधीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २३ सप्टेंबर २०१४ रोजी १६ मार्गदर्शक सूचना दिल्या. प्रत्येक अशा मृत्यूची प्रथम माहिती नोंदवणे, स्वतंत्र यंत्रणेमार्फत तपास, दंडाधिकारीय चौकशी, तसेच संशय पूर्णपणे दूर होईपर्यंत संबंधितांना बढती वा शौर्यपदक न देणे, या त्यांतील प्रमुख बाबी होत. साहित्याच्या परिभाषेत सांगायचे, तर घटनेच्या कथनाचा अधिकार एकाच निवेदकाकडे राहू नये, अशी ही व्यवस्था आहे.

५. बदलापूर : २३ सप्टेंबर २०२४

या सूचनांना दहा वर्षे पूर्ण झाली, नेमक्या त्याच दिवशी बदलापूर प्रकरणातील आरोपी पोलीस वाहनात मारला गेला. बदलापूर हे मुरबाड विधानसभा मतदारसंघातील शहर. तेथील शाळेत ऑगस्ट २०२४ मध्ये दोन चिमुकल्या मुलींवर लैंगिक अत्याचार झाल्याचे उघड झाले. २० ऑगस्ट रोजी संतप्त नागरिकांनी तासन्‌तास रेल्वे रोखून धरली. तक्रार नोंदवून घेण्यास झालेला विलंब हे त्या संतापाचे एक महत्त्वाचे कारण होते. तो संताप सर्वस्वी न्याय्य होता.

तळोजा कारागृहातून नेले जात असताना मुंब्रा बाह्यवळणाजवळ आरोपीने पोलिसाचे पिस्तूल हिसकावून गोळीबार केला आणि स्वसंरक्षणार्थ त्याच्यावर गोळी झाडण्यात आली, असे पोलिसांचे निवेदन होते. त्या वृत्तानंतर पेढे वाटले गेले आणि 'बदला पुरा' या शब्दांचे फलक झळकले. गावाच्या नावावरील ही कोटी रहस्यकथेच्या मुखपृष्ठावर शोभावी अशी आहे. जानेवारी २०२५ मध्ये उच्च न्यायालयासमोर आलेल्या दंडाधिकाऱ्यांच्या चौकशी अहवालात मात्र पाच पोलिसांना या मृत्यूस जबाबदार धरण्यात आले, तसेच पिस्तुलावर आरोपीच्या बोटांचे ठसे आढळले नसल्याची नोंद होती. एप्रिल २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने विशेष पथकामार्फत तपासाचे निर्देश दिले. पथक कोणी नेमावे, या मुद्द्यावर पुढे सर्वोच्च न्यायालयाने त्यांत बदल केला. चौकशीतील निष्कर्ष म्हणजे दोषसिद्धी नव्हे, हे तत्त्व आरोपीला लागू होते, तसेच ते या पोलिसांनाही लागू होते.

येथे सिद्धगडाचा उल्लेख पुन्हा करताना एक खुलासा अत्यावश्यक ठरतो. हुतात्मा कोतवाल आणि हा आरोपी यांची तुलना करण्याचा प्रश्नच उद्भवत नाही. तुलना आहे ती कथनाला प्रतिसाद देणाऱ्या समाजाची. ज्या परिसराने १९४३ मध्ये पोलिसी कथन नाकारले, त्याच परिसरातील अनेकांनी २०२४ मध्ये पोलिसी कथनातील तपशील तपासण्याची गरज मानली नाही. एवढेच नव्हे, 'बदला' हा शब्द वापरून स्वसंरक्षणाचा दावाही नकळत खोडून काढला. स्वसंरक्षण असेल तर तो बदला नव्हे, आणि बदला असेल तर ते स्वसंरक्षण नव्हे. आनंदोत्सव करणाऱ्यांनी पोलिसांच्या फिर्यादीवर प्रत्यक्षात विश्वास ठेवला नव्हता. त्यांनी रहस्यकथेच्या शेवटावर विश्वास ठेवला होता.

चकमकीचे समर्थन करणाऱ्यांचा मुख्य युक्तिवाद न्यायालयीन विलंबाचा असतो, आणि तो दुर्लक्षून चालणार नाही. तारखांसाठी वर्षानुवर्षे खेपा घालणाऱ्या ग्रामीण कुटुंबाला कार्यपद्धतीचे महत्त्व पटवणे कठीण आहे. परंतु आरोपीच्या मृत्यूबरोबर त्याच्यापुरता खटला संपतो. त्या बालिकांच्या बाजूने साक्षीपुराव्यानिशी निर्णय नोंदला जाण्याची शक्यताही तेथेच संपते. गोळीने पीडितांना न्याय मिळाला, असे म्हणताना त्यांचे कथनही न्यायालयासमोर पूर्ण झाले नाही, याचा विसर पडतो.

निष्कर्ष

१. 'चकमक' या शब्दात परस्पर प्रहाराचे गृहीतक आहे. चौकशीपूर्वी तो वापरणे म्हणजे एका पक्षाचे कथन स्वीकारणे होय.

२. रहस्यकथेतील वधाचे समाधान सर्वज्ञ निवेदकाच्या साक्षीवर उभे असते. वास्तवात अशी साक्ष नसल्यामुळे ते समाधान तेथे लागू करता येत नाही.

३. 'अर्धसत्य'पासून 'अब तक छप्पन'पर्यंतच्या प्रवासात पोलीस नायकाच्या ठायी असलेल्या कबुलीची जागा आकड्याने घेतलेली दिसते.

४. लखनभैया प्रकरण न्यायालयात टिकले, याचे एक प्रमुख कारण म्हणजे मृताचा भाऊ कायदा जाणणारा होता. शहापूर वा मुरबाडच्या एखाद्या वाडीवरील कातकरी वा ठाकर कुटुंबाला असा आधार सहजी मिळणार नाही. म्हणून स्वतंत्र चौकशीचे बंधन सर्वाधिक मोलाचे आहे ते अशाच कुटुंबांसाठी.

५. निवेदक कोण आहे, त्याला काय ठाऊक असू शकते आणि त्याचा हितसंबंध कशात आहे, हे प्रश्न साहित्याच्या वर्गात कथा-कादंबरीच्या संदर्भात शिकवले जातात. फिर्याद, पंचनामा आणि बातमी यांच्या वाचनालाही ते तितक्याच काटेकोरपणे लागू करणे, हे साहित्याध्यापनाचे सामाजिक कार्य ठरते.