'खेळाचे नियम' नेमके कधी ठरतात? तेज प्रकाश पाठक निकाल वाचताना



मागच्या आठवड्यात एका ज्युनिअरने सिनॉप्सिस वाचायला दिला. विषय सरकारी नोकरभरती आणि समान संधी. पहिल्याच पानावर वाक्य : 'भरती सुरू झाल्यावर खेळाचे नियम बदलता येत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये स्पष्ट केले.' वाक्य चूक नाही, पण ते बातमीच्या मथळ्यातून उचललेलं आहे. निकाल वाचला की प्रकरण बरंच गुंतागुंतीचं निघतं.

आधी हकीकत. राजस्थान उच्च न्यायालयाने २००९ मध्ये अनुवादकांच्या १३ जागांसाठी भरती काढली. लेखी परीक्षा आणि मुलाखत, बस्स. २१ उमेदवार परीक्षेला बसले, पण यशस्वी ठरले फक्त तिघं. का? तर ७५ टक्के गुण मिळवणाऱ्यांनाच घ्यायचं, असं मुख्य न्यायमूर्तींनी नंतर ठरवलं. हा आकडा उमेदवारांना आधी कुणीच सांगितला नव्हता. म्हणजे इथे नियम बदलणारी संस्था खुद्द एक न्यायालय होतं, आणि दाद मागायची तीही त्याच न्यायालयात! तिथे याचिका फेटाळली गेली आणि प्रकरण दिल्लीला गेलं.

आता उमेदवारांच्या बाजूने २००८ चा के. मंजुश्री निकाल होता. आंध्र प्रदेशात जिल्हा न्यायाधीशांच्या भरतीत मुलाखती उरकल्यावर मुलाखतीसाठी किमान गुणांची अट लावली गेली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती अमान्य केली. पण २०१३ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाला शंका आली : मंजुश्री निकाल कडकपणे लावला, तर गुणवत्ता कशीही असो, २१ पैकी १३ जणांना घ्यावंच लागेल का? त्यांच्यासमोर १९७३ चा सुभाष चंदर मारवाहा निकाल होता. हरियाणात १५ जागा होत्या आणि किमान ४५ टक्क्यांची अट ४० जणांनी पार केली होती. सरकारने ५५ टक्क्यांच्या वरचे सातच नेमले, आणि ते वैध ठरलं. प्रकरण मोठ्या पीठाकडे गेलं.

७ नोव्हेंबर २०२४ ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं, की दोन्ही निकालांत विरोध नाही. मंजुश्री आहे निवड यादीत येण्याच्या हक्काबद्दल, मारवाहा आहे यादीतून नेमणूक मिळण्याच्या हक्काबद्दल. मला हा निकालाचा सगळ्यात भक्कम भाग वाटतो. २०१३ च्या शंकेचं उत्तरही त्यातच आहे : गुण मधेच वाढवून लोकांना यादीबाहेर काढू नका; प्रामाणिक कारण असेल तर जागा रिकाम्या ठेवा. अर्थात नापास ठरणं आणि पास होऊनही घरी बसणं, यात उमेदवाराच्या आईवडिलांना कितपत फरक वाटेल, हा वेगळा प्रश्न.

माझा आक्षेप पुढच्या भागावर आहे. पीठ म्हणतं, जाहिरातीपासून जागा भरेपर्यंत भरती चालू असते आणि त्या काळात पात्रतेचे निकष बदलता येत नाहीत. मात्र नियमांनी किंवा जाहिरातीने मुभा दिली असेल तर येतात, फक्त तो बदल अनुच्छेद १४ मध्ये बसायला हवा. शिवाय निरनिराळ्या टप्प्यांसाठी किमान गुण ठरवण्याचा अधिकार नियमांत किंवा जाहिरातीत दिलेला असेल, तर ते गुण तो टप्पा येण्याआधी कधीही ठरवता येतात. कारण काय, तर उमेदवार किंवा परीक्षक कुणालाही ऐनवेळी धक्का बसू नये.

इथे थांबून विचार करा. लेखी परीक्षेचा निकाल कार्यालयात तयार आहे. कोण पुढे, कोण मागे, हे निवड समितीला दिसतंय. मुलाखत सुरू व्हायच्या आदल्या दिवशी मुलाखतीचे किमान गुण ठरले. धक्का कुणालाच नाही, कसोटी पूर्ण! पण ठरवणाऱ्याला माणसं आधीच माहीत होती, त्याचं काय? माझ्या मते कसोटी हवी ती नियम ठरवताना काय माहीत होतं याची. मनमानीविरुद्ध अनुच्छेद १४ खाली दाद मागता येतेच, मान्य. पण तिथे हेतू दाखवायचा भार उमेदवारावर येतो, आणि त्याचे कागद असतात समोरच्या पक्षाच्या कपाटात.

शिवाय वेळ बघा. २००९ ते २०२४. पंधरा वर्षांत वयोमर्यादा कितीदा उलटली असेल! घटनापीठाच्या निष्कर्षांत या वेळेच्या किमतीबद्दल काही नाही. त्यांच्यापुढे पाठवलेला प्रश्न तेवढाच नव्हता हे खरं. पण आपल्यासारख्यांच्या संशोधनाला जागा आहे ती इथेच.

ज्युनिअरला मी मतं बाजूला ठेवून आधी एक तक्ता करायला सांगितलं. प्रत्येक खटल्यासाठी चार तारखा : जाहिरात, लेखी निकाल, किमान गुण ठरले तो दिवस, मुलाखत. दुसरी आणि तिसरी तारीख कोणत्या क्रमाने येतात, एवढंच आधी बघ म्हटलं. निकालपत्रांत या तारखा दरवेळी सापडतीलच असं नाही, माहितीचे अर्जही टाकावे लागतील. तो सध्या तिसऱ्या खटल्यावर अडकलाय.