साक्ष आणि तिच्यातलं थांबणं

आता मुख्य मुद्द्याकडे येऊ. १९९४ साली स्पीलबर्ग यांनी स्थापन केलेल्या शोआ फाउंडेशनकडे ५०,००० हून अधिक साक्षी आहेत. त्यांचाच नवा प्रयोग असा: मायदानेकमधून वाचलेल्या पिंखस गुटर यांना कॅमेऱ्यांसमोर बसवून शेकडो प्रश्न विचारले. आता शाळकरी मूल काही विचारतं आणि पडद्यावरचे गुटर त्यातलं जुळणारं उत्तर देतात. यंत्र उत्तर रचत नाही, फक्त निवडतं. तेवढं प्रामाणिक आहे.

आम्हाला खटकतं ते वेगळंच. लान्झमान यांच्या 'शोआ' (१९८५) या साडेनऊ तासांच्या चित्रपटात अब्राहम बोम्बा केस कापता कापता बोलतात. ट्रेब्लिंकात मरणापूर्वी बायकांचे केस यांनाच कापावे लागले होते. बोलता बोलता ते थांबतात, पुढे बोलवतच नाही. लान्झमान त्यांना रेटतात. आम्हाला तो क्रूरपणा वाटतो, आजही. पण ते थांबणं आपण बघतो ना! ते कुठल्या प्रश्नाचं उत्तर म्हणून साठवायचं? आणि चौदा वर्षांच्या मुलाला नेमकं काय विचारायचं हे कसं सुचावं? न सुचलेलं सगळं आतच राहतं.

म्हणून वर्गात आधी एक साक्ष सलग दाखवा, अडखळण्यासकट. दोन तास जातील, जाऊ देत. यंत्र त्यानंतर.